वापरलेले कपडे परत मिळाले

सोमवार, ३ फेब्रुवारी

नवी वही, नवी खोली, नवी नोकरी. ताईने वही देताना बजावलं, की रोज चार ओळी लिहीत जा, म्हणजे डोक्यातला कचरा कागदावर पडेल आणि मला फोनवर कमी ऐकावा लागेल. आई-वडील गेले तेव्हा मी सहावीत होतो. तेव्हापासून तीच आई, तीच वडील आणि वेळप्रसंगी तीच फौजदार. तिचं ऐकायचं नाही असं मी दोनदाच केलं आणि दोन्ही वेळा तोंडावर आपटलो. तेव्हा लिहितो.

खोली पहिल्या मजल्यावर, खाली छत्र्या आणि बॅगा दुरुस्त करणारं दुकान. पलंगाचा एक पाय आखूड आहे, त्याखाली वर्तमानपत्राची घडी घातली. खिडकीतून पाण्याची टाकी दिसते आणि तिच्यावर भांडणारी कबुतरं. घरमालकीणबाई तोंडाच्या तिखट पण चहा चांगला करतात, म्हणजे हिशेब बरोबर झाला.

आणि नोकरी सरकारी. हे तर अधोरेखित करून ठेवावं. नऊ वर्षं लाँड्रीत काढली. मालकाने दुकान मुलाला दिलं, मुलाने यंत्रं आणली आणि यंत्रांनी मला घरी बसवलं. इथे स्थानबद्धता केंद्रात कपड्यांच्या भांडारात माणूस हवा होता. मुलाखतीत साहेबांनी एक शर्ट टेबलावर टाकला आणि विचारलं, हा किती दिवस वापरलाय. मी कॉलर पाहिली, काखेत नाक घातलं आणि सांगितलं, दोन दिवस, आणि घालणारा दिवसभर टेबलाला कोपरं टेकून बसतो, कामं काही फारशी करत नाही. साहेब खूप हसले. शर्ट त्यांचाच होता. मग माझी उंची, छाती आणि घरी कोण कोण असतं ते लिहून घेतलं. मला वाटलं गणवेश शिवणार असतील. पण भांडाराला गणवेश नाही म्हणे.

मंगळवार, ४ फेब्रुवारी

आज पहिला मंगळवार, म्हणजे भांडाराचा मोठा दिवस. माझ्या हाताखाली, खरं तर मी ज्यांच्या हाताखाली आहे ते, नाना. निवृत्तीला दीड वर्ष राहिलंय, बोलणं इतकं हळू की पहिल्यांदा मला वाटलं माझ्याच कानात मळ साचलाय.

त्यांनी काम समजावलं. इथे ठेवलेल्या माणसांवर खटला नसतो. आरोपपत्र नाही, साक्षीदार नाही, निकाल नाही. फक्त एक हुकूम असतो, नव्वद दिवस आत. नव्वद संपले की आणखी नव्वद. कारण लोकहितासाठी सांगता येत नाही, हे हुकमातच छापलेलं असतं. भेट बंद, पत्र बंद, वकील बंद. कुठल्या तरी जुन्या नियमातली एकच गोष्ट राहून गेली आहे, ती म्हणजे कपडे. दर मंगळवारी घरच्यांनी खिडकीवर धुतलेले कपडे द्यायचे आणि आतल्या माणसाने आठवडाभर वापरलेले परत न्यायचे. गाठोडं घ्यायचं, आतल्या माणसाचा नंबर लिहिलेल्या लेबलाचा दोरा कात्रीने कापायचा, मळके कपडे द्यायचे, पावतीवर शिक्का मारायचा, पावती मधोमध फाडायची. त्यावर छापलेलं असतं, 'मजकूर इसमाने वापरलेले कपडे परत मिळाले.' माझ्या सहीचा अर्धा त्यांना, त्यांच्या सहीचा अर्धा आम्हाला.

मला वाटलं होतं लोक भांडतील. कोणी भांडत नाही. मळके कपडे हातात आले की तिथेच, रांगेत, तोंडाजवळ धरतात आणि वास घेतात. घामाचा वास आला की माणूस आहे. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी बनियनचा वास घेतला आणि मला हात जोडले, जसं काही मीच आत राहून घाम गाळलाय.

एक्केचाळीस नंबरची गाठोडी आणणाऱ्या एक काकू आहेत. शिवणकाम करतात, ते गाठोड्यावरूनच कळतं. कडा सरळ, गाठ एकच पण पक्की. गाठोडं खिडकीवर टाकत नाहीत, दोन्ही हातांनी माझ्या हातात देतात. नऊ वर्षांत इतकी सुरेख घडी पाहिली नव्हती. तसं म्हणालोही. त्यांनी मान हलवली, वास घेतला, सही केली आणि गेल्या.

घरमालकीणबाईंना नोकरी कुठे ते सांगितलं तर त्यांनी आधी रेडिओचा आवाज वाढवला. मग म्हणाल्या, काही केल्याशिवाय कोणी उचलून नेत नाही. मीही मान डोलावली. मलाही तसंच वाटतं, आणि खोलीही हवी होती.

रविवार, ९ फेब्रुवारी

ताईला फोन. तिने विचारलं, जेवतोस का, मोजे धुतोस का, साहेबांशी तोंड चालवलंस का. मी म्हणालो, तिन्हीला हो. ती हसली. तिच्या शाळेमागच्या घराचं दार तिने परत निळं रंगवलंय आणि अर्धा डबा रंग स्वतःच्या साडीवर सांडलाय. लाँड्रीवाला भाऊ गेला आणि नेमका डाग पडला म्हणे. फोन ठेवल्यावर जरा चुकल्यासारखं वाटलं.

सोमवार, १० फेब्रुवारी

काय लिहू आणि कसं लिहू.

भांडाराच्या मागे एक खोली आहे. तिच्यात कपाट. मला वाटलं जुनी रद्दी असेल. आज नानांनी उघडून दाखवलं. अकरा नंबरांची गाठोडी होती, धुतलेली, घडी न मोडलेली. नाना म्हणाले, यांचे कपडे आत घेणारं कोणी नाही. मी विचारलं, म्हणजे सुटले का? ते म्हणाले, सुटले असते तर घरी नसते का गेले? मग म्हणाले, पण उद्या मंगळवार आहे आणि घरच्यांना वापरलेले कपडे द्यावे लागतात.

मी विचारलं, मग ते आणायचे कुठून? तेव्हा त्यांनी स्वतःच्या शर्टाचं वरचं बटण काढून आतला दुसरा शर्ट दाखवला. सात नंबरचा. त्यावर सोळा नंबरचा. हे सगळं कपाट भांडार आणि दारावरची माणसं वाटून घेऊन वापरतात. घालून झाडू मारतात, जिना चढउतार करतात, घाम येईल असं करतात. एक्केचाळीस कोणाला नीट बसत नव्हता, दारावरचा एक जण कसाबसा चालवत होता. तो उंच होता, खांदे रुंद. म्हणून माझी मापं घेतली होती.

मी विचारलं, एक्केचाळीस कुठे आहे. नाना म्हणाले, आपण कपडे सांभाळतो, माणसं नाही.

मी तो शर्ट घातला. नवी नोकरी, नवी खोली, ताईला काय सांगू. असेल कुठे तरी दुसऱ्या केंद्रात, मी मनाची समजूत घातली. बाही लांब होती, छाती सैल. दिवसभर गाठोडी उचलली. संध्याकाळी काढला तेव्हा मला चांगलाच घाम आला होता. नानांनी वास घेऊन पाहिला आणि म्हणाले, छान.

मंगळवार, ११ फेब्रुवारी

काकूंनी शर्ट घेतला, नाकाजवळ धरला आणि धरूनच ठेवला. मागच्या माणसाने खाकरून पाहिलं तरी नाही हलल्या. मग शर्ट खाली घेतला आणि माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. दुकानात कापड पाहतात तसं, खांदा, मान, हात.

सही केली. पावती घडी करून ब्लाउजमध्ये ठेवली. मला त्या शर्टात घाम येतोय असं वाटत राहिलं, अंगात तो नसताना.

मंगळवार, २५ फेब्रुवारी

आज काकूंचं गाठोडं उघडलं, शर्ट अंगात घातला आणि तोंडातून निघालं, वा, काय बसलाय. बाही मनगटावर. छाती बरोबर. मग गाठोड्यांवरच बसलो.

त्यांनी तो माझ्या मापाचा केला आहे. आधीच्या शर्टांवर कोपर कुठे घासलं, कॉलर कुठे मळली, बगल कुठे ओढली गेली, एवढं बघून शिवणाऱ्या बाईला माणूस समजतो. दोन आठवड्यांत त्यांना कळलं असणार, की हे त्यांच्या मुलाचं अंग नाही. मग बोलत का नाहीत?

नानांना दाखवलं. ते म्हणाले, बाई हुशार आहे, आणि तोंडावर पाणी मारायला गेले.

मंगळवार, ४ मार्च

पाऊण तास रांगच नव्हती. शहरात कुठे मोर्चा निघणार होता म्हणे, तो निघालाच नाही, पण लोक घराबाहेर पडले नाहीत. काकू आल्या होत्या. बोलल्या. मी विचारलं नव्हतं.

मुलगा नळदुरुस्ती करायचा. मागच्या एप्रिलात दुपारी जेवताना नेला, ताटात भात तसाच. कारण सांगितलं नाही. त्याआधीच्या महिन्याभरात त्याने काय काय केलं त्याची त्यांनी मनात उजळणी केली आहे, शंभरदा. मित्राला सायकल दिली होती, त्या मित्राचं काही असेल का? कोणाच्या तरी मोरीचा नळ बसवला, ते घर वाईट होतं का? बसच्या रांगेत एकाशी वाद झाला, तो कोणी मोठा होता का? एकदा तो चहाच्या टपरीवर मोठ्याने म्हणाला होता, की पाण्याला वास येतो. हे सांगून झाल्यावर त्या थांबल्या आणि म्हणाल्या, की आता गल्लीत पाण्याला वास येतो असं कोणीच म्हणत नाही. सगळे नाक दाबून पितात.

शेजारी येत नाहीत. शिवायला कपडे देणाऱ्या बायका आता कोपऱ्यावरच्या दुकानात जातात. कोणी वाईट बोलत नाही, फक्त येत नाहीत.

त्यांच्या मुलाचा शर्ट माझ्या अंगात होता, वर माझा स्वेटर. गळ्यापर्यंत बंद.

मंगळवार, ११ मार्च

दुपारी वर मंडळ बसलं. तीन माणसं. मुदतवाढीच्या फायली मी नेऊन दिल्या, चहाही नेला. एक्केचाळीसच्या फायलीत फोटो होता तिथे ओल लागून नुसता काळा डाग आहे. साहेबांनी वाचलं, प्रकृती उत्तम, कारणे पूर्ववत, नव्वद दिवस. तिघांनी सह्या केल्या. मी कपबशा ठेवून वळेपर्यंत चार माणसांचे नव्वद नव्वद दिवस झाले होते, आणि चहाला अजून कोणी हात लावला नव्हता.

वही आता खोलीत ठेवत नाही. घरमालकीणबाईंनी काल विचारलं, रोज काय लिहिता, आणि माझ्याकडे न बघता विचारलं. पोटाशी बांधून ठेवतो.

मंगळवार, १८ मार्च

नाना बोलले. भांडाराचं दार लावून, गाठोडी मोजत मोजत, जसं काही मोजणीच चालली आहे.

एक्केचाळीस ऑक्टोबरात गेला. ताप होता, डॉक्टर बोलवायला वरची परवानगी लागते, परवानगी चौथ्या दिवशी आली. चादरीत गुंडाळून मागच्या दाराने नेला. कुठे, ते नानांना माहीत नाही. मी विचारलं, मग कागदावर का नाही? ते म्हणाले, "आपल्या कागदाला दोनच गोष्टी कळतात, सुटका आणि मुदतवाढ. सुटकेच्या कागदावर त्याची सही लागते. तो सही करू शकत नाही. म्हणून मुदतवाढ."

हे त्यांनी इतकं सरळ सांगितलं, की क्षणभर मलाही पटलं. मग मी त्यांच्याकडे पाहिलं तर ते रडत होते आणि बोट अजून मोजत होतं. खटला चालला असता, तर कोणा न्यायाधीशाने पुढची तारीख देऊन विचारलं असतं, आरोपी कुठे आहे. इथे विचारणारं कोणी नेमलेलंच नाही. म्हणून मेलेला माणूसही आत राहतो.

ताईचा फोन आला. सांगायचं होतं. लाइनीत खरखर झाली आणि मी हवेबद्दल बोललो. उकाडा वाढलाय म्हणालो. ती म्हणाली, तुझा आवाज असा का येतोय, गळ्याला काही झालंय का? हो म्हणालो.

मंगळवार, १ एप्रिल

चूक झाली. माझी. लाँड्रीवाल्याची, नऊ वर्षांच्या लाँड्रीवाल्याची.

मागच्या आठवड्यात त्यांच्या शर्टाच्या कफवर शिक्क्याची जांभळी शाई लागली. काखा पाहिल्या, कॉलर पाहिली, घाम पाहिला. मळ तपासत होतो ना, डाग कोण तपासतो.

काकूंनी आज कफ माझ्यापुढे धरला. फार हळू म्हणाल्या, "भाऊ, आत शिक्के मारायला देतात का त्याला?"

मी मान हलवली. नाही. आणि मग एकदा सुरू झालेली मान थांबेचना.

त्यांनी विचारलं, कधी. मी ऑक्टोबर म्हणालो. त्यांनी खिडकीच्या गजाला धरलं. मागे रांग होती, रडता येणार नव्हतं, म्हणून त्यांनी ओठ आत घेतले आणि तसेच ठेवले. मग म्हणाल्या, पावती द्या.

मला वाटलं माझ्या कानांची चूक. त्या म्हणाल्या, सगळ्या पावत्या ठेवल्या आहेत. ऑक्टोबरानंतरच्याही. तो तुमच्याकडे जिवंत आहे असं तुम्ही दर मंगळवारी लिहून दिलं आहे. एका वकीलबाईंना देणार होते. पण शेवटच्या आठांवर तुझी सही आहे. देऊ का?

परवानगी मागत होत्या. माझी. जो त्यांच्या मुलाचे कपडे घालून जिने चढला त्याची. मला इतका राग आला, स्वतःचा, की मी जवळजवळ ओरडूनच म्हणालो, द्या.

मंगळवार, १५ एप्रिल

वकीलबाईंनी पावत्या वर कुठेतरी दाखवल्या. उत्तर आलं, की मंडळाने एक्केचाळीस नंबरला समक्ष पाहावं आणि आईने ओळख पटवावी. पुढच्या मंगळवारी.

मला वाटलं, सुटलो. आता माणूस दाखवताच येणार नाही, आता बोलावंच लागेल यांना. साहेब मुळीच रागावलेले नाहीत. मला बसायला सांगितलं, चहा मागवला, विचारलं, बहीण कशी आहे. मी ताईबद्दल त्यांच्याशी कधी बोललो नव्हतो. मग आठवलं, मुलाखतीत लिहून घेतलं होतं.

नाना म्हणाले, उद्यापासून येऊ नकोस, बहिणीकडे जा. आजच्या आज जा बाबा. मी म्हणालो, मंगळवारी काकूंच्या बाजूने बोलायला कोणीतरी हवं ना. त्यांनी माझा हात धरला. तिसऱ्यांदा मी कोणाचं तरी ऐकत नाहीये.

गुरुवार, १७ एप्रिल

नाना रजेवर. साहेबांनी मागच्या खोलीत बोलावलं. म्हणाले, एक्केचाळीसचा शर्ट घाला, मंगळवारसाठी कॉलर नीट मळायला हवी. घातला. सवयीने घातला. पन्नासदा घातलाय.

मग दार ओढलं. बाहेरून कडी.

मला वाटलं वारा.

शुक्रवार किंवा शनिवार

डोकं भादरलं. दाढी वाढू द्यायची म्हणे.

साहेब दारातून बोलले. माझा राजीनामा ताईला टपालाने गेला. खाली माझीच सही, पावतीवरून उतरवलेली. मी शहर सोडून गेलो आहे. कुठे, ते कळवलेलं नाही, मुलगा होताच बेभरवशाचा म्हणे.

मंडळापुढे तोंड उघडलं, तर काकूंच्या नावाचा नव्वद दिवसांचा कागद तयार आहे. दाखवला. ताईच्या नावाचाही. तारीख तेवढी कोरी.

मी ताईला कधी न सांगता गेलो नाही. ती मानणार नाही. मानेल का —

वही गाठोड्यांच्या मागे. पेन्सिल आहे. भिंतीपलीकडे भांडार. सगळं ऐकू येतं.

मंगळवार, २२ एप्रिल

वर नेलं. तीच तीन माणसं. कपबशा त्याच.

काकूंना आणलं. साहेबांनी त्यांना माझ्यादेखत समजावलं, अगदी आदराने. हा तुमचा मुलगा नसेल, तर एक्केचाळीस नंबरचा कोणी इथे कधीच नव्हता. पावत्या खोट्या, पळून गेलेल्या कारकुनाने केलेल्या. आणि हा जो उभा आहे, त्याची मग कुठेच नोंद नाही. नीट बघून सांगा.

मी ठरवलं होतं, ओरडायचं. मी तो नाही. तोंड उघडलं —

त्या जवळ आल्या. माझ्याकडे पाहिलं. किती वेळ, माहीत नाही. कॉलर सरळ केली.

म्हणाल्या, "हो. माझाच."

नाही म्हणाल्या असत्या तर मी आजच संपलो असतो, त्यांना कळलं होतं. हो म्हणाल्या, आणि त्यांचा मुलगा आता कोणी शोधणार नाही. कधीच. मेला असंही कुठे लिहिलं जाणार नाही. स्वतःच्या तोंडाने —

गळ्यात पडून रडल्या. रडता रडता कानात म्हणाल्या, "माझा गेला रे. तुझं कोण आहे? पत्ता दे."

मला ओढून नेलं. एवढा मोठा माणूस, आणि ताईचा पत्ता सांगता आला नाही.

मंगळवार, २९ एप्रिल

गाठोडं आलं. मला. खरंच आतल्या माणसाला.

शर्टाची खालची पट्टी दोन बोटं उसवलेली. काकूंची शिवण कधी उसवत नाही. म्हणजे जागा ठेवली आहे.

टाचणीही आहे, शिवणीत खोचलेली. आणि दोरा.

वहीचं पान फाडून वर गावाचं नाव लिहिलं, आणि खाली. ताई, शाळेच्या मागे, निळं दार. मी राजीनामा दिलेला नाही. मी इथे आहे. काकूंवर विश्वास ठेव. जेवत जा.

टाचणीने भोकं पाडून दोरा ओवला. पुढच्या मंगळवारी मळका शर्ट बाहेर जाईल. सहा दिवस घालायचा. घाम यायला हवा, माझा. काकूंना कळायला हवं, की हा मीच.

शनिवार असावा

भांडारात नवा माणूस. खोकतो. नाना नाहीत. साहेबांनी त्याला उंची विचारली. ऐकलं मी.

सोमवार

साहेब दारातून बघून गेले. पाण्याचा तांब्या आज आला नाही.

मंगळवार

रांग लागली. पावलं ओळखू येतात.

काकू आल्या. गाठोड्याचा आवाज नाही — हातात देतात ना.

कात्री. दोरा कापला.

माझ्याकडे कोणी आलं नाही. मळका शर्ट अजून अंगात. पत्ता पट्टीत. मग त्यांना काय देतायत —

खोकणारा. काल दिवसभर जिना चढउतार करत होता. धापा टाकत.

म्हणजे माझे कपडे कपाटात. मी कपाटातला.

शांत आहे. वास घेतायत.

शिक्का. पावती फाटली. सही करा, म्हणतोय तो.

काही आवाज नाही.

परत म्हणाला. सही करा, बाई.

काकू बोलतायत. मोठ्याने. सगळ्या रांगेला — "हा वास त्याचा नाही. मी सही करणार नाही."

कोणीतरी दुसरी बाई. सोळा नंबरची. हा माझ्या माणसाचाही नाही, म्हणते. ते म्हातारे गृहस्थ, त्यांचा आवाज — रांग हलत नाही — सही कोणीच —

पावलं. खिडकीकडे नाही. इकडे.

काकू, मी अजून — शर्ट माझ्याच अंगात — पट्टी बघा, खालची —

कडी —